एसी मेकॅनिकची तयार पेटी: दहा हजारांत स्वतःचा धंदा उभा राहतो का?

हार्डवेअरच्या दुकानांत आणि ऑनलाइन 'एसी टूल किट' या नावानं एक पेटी मिळते. आत गॅसचा दाब दाखवणारा मॅनिफोल्ड गेज, तीन रंगांचे होज (गेजला जोडायच्या रबरी नळ्या), फ्लेअरिंग टूल, पाइप कटर, बेंडर, व्हॉल्व्हची चावी, फिन (कॉइलवरच्या पातळ पट्ट्या) सरळ करायची फणी आणि बऱ्याचदा सोबत पाइपातली हवा ओढून काढणारा एक छोटा व्हॅक्युम पंप असतो. पंपासकट किंमत साधारण आठ ते अकरा हजार. पेटीवर ब्रँडचं नाव असतं किंवा नसतं, आतला माल थोड्याफार फरकानं सारखाच निघतो. म्हणून हा रिव्ह्यू एखाद्या कंपनीचा नसून या प्रकारच्या पेटीचा आहे.

पेटीचं खरं गिऱ्हाईक म्हणजे ठाणे-नवी मुंबईच्या दिघा, कळवा, लोकमान्य नगर, तुर्भे स्टोअर अशा वस्त्यांतला मुलगा, ज्यानं दोन-तीन सीझन दुसऱ्याच्या हाताखाली हेल्परकी केली आहे. या लाइनीत ज्याचा गेज आणि ज्याचा पंप, त्याचं बिल. घोडबंदर रोडच्या टॉवरमध्ये आउटडोअर (एसीचं बाहेरचं युनिट) छज्ज्यावर चढवणारा हेल्पर संध्याकाळी दिवसाची मजुरी घेऊन घरी जातो. गॅस चार्जिंगचे अडीच-तीन हजार मात्र हत्यारं ज्याच्या मालकीची त्याच्या खिशात पडतात. म्हणून हा मुलगा पै-पै साठवतो, कधी आईच्या भिशीतून उचलतो आणि ही पेटी घेतो. त्याच्या घरात दहा हजार ही लहान रक्कम नाही. पेटी चुकीची निघाली तर सबंध सीझन हातचा जातो, त्यामुळे हिच्याबद्दल स्पष्ट बोलायला हवं.

थेट सांगतो: तयार पेटी घेऊ नये. आणखी पैसे घालून सुटी हत्यारं घ्यावीत, तीही एकदम न घेता दोन टप्प्यांत. पेटीतला अर्धा माल कामाचा आहे, पण जी तीन हत्यारं कच्ची असतात, म्हणजे फ्लेअरिंग टूल, होज आणि पंप, तीच गॅस आत टिकणार की नाही हे ठरवतात. तीन आठवड्यांत गॅस उडाला की गिऱ्हाईक परत बोलावतं आणि दुसऱ्यांदा गॅस भरावा लागतो तो स्वतःच्या पैशानं. भांडवल असलेला ठेकेदार असं एखादं रिपीट काम पचवून नेतो. नव्या मुलाच्या तीन-चार कामांचा नफा त्यात जातो, वर सोसायटीत नाव खराब होतं ते वेगळंच.

पेटीतलं चालण्यासारखं

पाइप कटर ठीक असतो. ब्लेड लवकर बोथट होतं, पण सुटं ब्लेड मिळतं. कटर एका फेरीला पाव आट्यापेक्षा जास्त पिळायचा नाही. घाईनं पिळला की तोंड आत दबतं आणि बर, म्हणजे कापलेल्या कडेला उठणारी धार, मोठी येते. स्प्रिंगचा बेंडर २ आणि ३ सुती (एक सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग) पाइपला पुरतो, ४ सुतीला मात्र पाइप चेपतो. दीड टनाच्या बहुतेक स्प्लिट एसीला सक्शन लाइन (गॅस कंप्रेसरकडे परत नेणारा जाड पाइप) ४ सुतीच असते, तेव्हा तिथे लिव्हरचा बेंडर हवा किंवा हातानं मोठा वळसा घ्यावा. ४ आणि ५ मिलिमीटरच्या ॲलन चाव्या कुठल्याही दुकानात मिळतात. फणी बरी. पेटीतला स्क्रू पाना टाकून द्यावा, त्याचे जबडे ढिले असतात आणि पितळी नटाच्या कडा गोल करून ठेवतात. नट आवळायला नेहमी दोन पाने लागतात, एक धरायला आणि एक फिरवायला. एकाच पान्यानं आवळलं तर इनडोअरच्या कॉइलची नळीच पिळली जाते.

फ्लेअर: गॅस इथूनच जातो

फ्लेअर म्हणजे तांब्याच्या पाइपचं तोंड कर्ण्यासारखं ४५ अंशात उघडणं, म्हणजे ते व्हॉल्व्हच्या पितळी तोंडावर घट्ट बसतं. नव्या फिटिंगमध्ये अशी चार तोंडं असतात, दोन इनडोअरला आणि दोन आउटडोअरला. नव्या बसवलेल्या एसीचा गॅस गेला तर पहिला संशय याच चारांवर घ्यायचा.

पेटीतलं टूल जुन्या पद्धतीचं असतं: भोकं असलेला दोन पट्ट्यांचा बार आणि वर स्क्रूनं खाली येणारा कोन, म्हणजे शंकूसारखं टोक. हा कोन मधोमध बसतो आणि तांब्यावर घासत उतरतो. त्यानं फ्लेअरच्या तोंडावर ओरखडे उठतात, एक बाजू पातळ होते, कधी कडेला केसाएवढी चीर पडते. आर-२२ या जुन्या गॅसच्या काळात असं फ्लेअर निभावून जायचं. आता घरगुती स्प्लिटमध्ये बहुतेक आर-३२ येतो, काही ठिकाणी आर-४१०ए. या दोन्हींचा दाब आर-२२ च्या साधारण दीडपटीच्या वर असतो. बाहेर ३० अंश तापमान असताना बंद मशीनमध्ये आर-२२ चा दाब १५८ पीएसआयच्या (पीएसआय हे दाबाचं माप) आसपास, तर आर-३२ चा २६५ च्या आसपास भरतो. जुन्या दाबाला टिकणारं फ्लेअर या दाबाला टिकेलच असं नाही.

यावर उपाय म्हणजे एक्सेंट्रिक कोनाचं, क्लच असलेलं टूल. त्याचा कोन तिरका फिरत तांबं लाटत नेतो, आणि तोंड पूर्ण उघडलं की क्लच टकटक करून सुटतो, त्यामुळे जास्त आवळणं होत नाही. हे साधारण दीड ते अडीच हजारांना मिळतं. पैसा कितीही कमी असला तरी या वस्तूत काटकसर करायची नाही.

टूल चांगलं असूनही फ्लेअर बिघडतं, कारण पायऱ्या चुकतात. पाइप काटकोनात कापायचा. तोंड जमिनीकडे धरून रीमरनं बर काढायची. तोंड वर ठेवलं तर तांब्याचा कीस आत पडतो आणि पुढे कॅपिलरीत किंवा एक्स्पान्शन व्हॉल्व्हमध्ये, म्हणजे गॅसच्या सगळ्यांत अरुंद वाटेत, जाऊन अडकतो. बर काढताना भिंत खरवडून पातळ करायची नाही, कारण २ ते ४ सुती पाइपची भिंत मुळात ०.८ मिलिमीटरच असते. नट आधी पाइपात घालायचा. हा विसरला की केलेलं फ्लेअर कापून पुन्हा करावं लागतं, आणि पाइप अगदी मापातलाच असेल तर तो कमी पडतो. आर-३२ साठी क्लचच्या टूलमध्ये पाइप बारच्या पातळीला किंवा फार तर अर्धा मिलिमीटर वर ठेवायचा. जुन्या बार टूलनंच करायचं असेल तर एक ते दीड मिलिमीटर.

झालेलं फ्लेअर मोजायचं. डोळ्यांवर भिस्त ठेवू नये, दोन-तीनशे रुपयांचा व्हर्नियर (बारीक माप घ्यायचं साधन) पुरतो. बाहेरचा व्यास २ सुतीला ८.७ ते ९.१ मिलिमीटर, ३ सुतीला १२.८ ते १३.२ आणि ४ सुतीला १६.२ ते १६.६ यायला हवा. याहून लहान असेल तर नट आवळताना निसटतं, मोठं असेल तर नटात अडकून फाटतं. तोंडावर कंप्रेसर ऑइलचा एक थेंब लावावा, आट्यांवर लावू नये. नट आधी हातानं तीन-चार आटे सरळ बसला पाहिजे. हातानं बसत नसेल तर पान्यानं जबरदस्ती करायची नाही, आटे तिरके लागलेले असतात.

किती आवळायचं याला आकडे आहेत: २ सुतीला १४ ते १८ न्यूटन-मीटर, ३ सुतीला ३४ ते ४२, ४ सुतीला ४९ ते ६१. टॉर्क पान्याचा, म्हणजे ठरलेल्या जोरानं आवळणाऱ्या पान्याचा सेट महाग असतो, पहिल्या दिवशी तो जमणार नाही. पण कुणाचा तरी मागून आणून वीस-पंचवीस नट आवळून पाहावेत, म्हणजे हाताला अंदाज बसतो. नवी मुलं बहुतेक जास्तच आवळतात. 'जितकं घट्ट तितकं पक्कं' असं शिकवलेलं असतं, आणि त्यानंच फ्लेअर पातळ होतं किंवा पितळी नटाला चीर जाते. ती चीर लगेच दिसत नाही. काही महिन्यांनी कूलिंग कमी झाल्याची तक्रार येते तेव्हा कळतं.

गेज आणि होज

पेटीतला गेज बऱ्याचदा आर-२२ चाच असतो, डायलवर आर-३२ ची पट्टीच नसते. नुसते पीएसआयचे आकडे वाचता आले तरी काम होतं, पण होजवर किती दाबाचा छाप आहे ते बघावं. आर-३२ साठी ८०० पीएसआय वर्किंगचे होज हवेत. स्वस्त होजचं रबरी वॉशर पहिल्या सीझनलाच चेपतं आणि मग गळती मशीनमध्ये आहे की होजमध्ये हे कळेनासं होतं. वॉशरचा डझन पन्नास-साठ रुपयांना येतो, तो खिशात असू द्यावा.

दुसरी अडचण तोंडाची. पेटीतले होज पाव इंची तोंडाचे असतात, आर-३२ आणि आर-४१०ए च्या बऱ्याच मशीनचा सर्व्हिस पोर्ट (होज लावायचं तोंड) मात्र ५/१६ इंची असतो. अडॅप्टर नसेल तर गिऱ्हाईकाच्या दारातून परत फिरावं लागतं. बॉल व्हॉल्व्हचा अडॅप्टर घ्यावा. सोडताना गॅस हातावर उडत नाही आणि बर्फानं बोटं भाजत नाहीत.

चालू मशीनमध्ये सक्शन किती दाखवेल? साध्या, म्हणजे इन्व्हर्टर नसलेल्या मशीनमध्ये आर-२२ ला ६० ते ७० पीएसआय आणि आर-३२ किंवा आर-४१०ए ला ११० ते १३० हा रोजचा अंदाज. इन्व्हर्टरमध्ये कंप्रेसरचा वेग बदलतो तसा दाबही बदलतो, तेव्हा तिथे दाब बघून गॅस भरणं चूकच. तिथे वजनानं भरायचा. म्हणजे डिजिटल वजनकाटा लागतो, आणि पेटीत तो नसतो.

व्हॅक्युम पंप

पेटीतला पंप सिंगल स्टेजचा आणि छोटा असतो. दीड टनाच्या मशीनची हवा तो काढतो, ओल मात्र नीट काढत नाही. सगळा घोटाळा इथे होतो, कारण गेजवर दोन्ही सारखंच दिसतं.

समुद्रसपाटीला पूर्ण व्हॅक्युम म्हणजे साधारण २९.९२ इंच पारा. काटा २९ वर आला की आत अजून २३,००० मायक्रॉनच्या (मायक्रॉन हे अगदी कमी दाबाचं माप) वर दाब शिल्लक असतो, २९.९ वर आला की ५०० च्या आसपास. डायलवर या दोन आकड्यांत केसाएवढं अंतर आहे. ३० अंशाला पाण्याची वाफ व्हायला दाब साधारण ३२,००० मायक्रॉनच्या खाली यावा लागतो, आणि ती वाफ पूर्ण बाहेर काढायला त्याच्या खूप खाली. म्हणून ५०० मायक्रॉनचं लक्ष्य ठेवतात. पंप बंद करून, व्हॉल्व्ह मिटून दहा मिनिटं थांबायचं. आकडा थोडा वर जाऊन स्थिर राहिला तर ठीक. हळूहळू चढत एका जागी थांबला तर आत ओल आहे. चढतच राहिला तर लीक आहे.

नव्या मशीनच्या कंप्रेसरमधलं पीओई तेल ओल झटकन ओढून घेतं. ओल राहिली की आम्ल तयार होतं आणि कंप्रेसरची वाइंडिंग खातं. पावसाळ्यात ठाण्या-नवी मुंबईत तोंड उघडं टाकलेला पाइप किती दमट होतो हे सगळ्यांना माहीत आहे. पाइपाची तोंडं शेवटच्या मिनिटापर्यंत टेप लावून बंदच ठेवायची.

म्हणून दोन स्टेजचा, दोन ते तीन सीएफएमचा (मिनिटाला तेवढे घनफूट हवा ओढणारा) पंप घ्यावा. साधारण सात ते नऊ हजार पडतात. दीड टनापर्यंतच्या घरगुती स्प्लिटला याहून मोठा नको, तो नुसता जड पडतो. पंपाचं तेल काचेतून बघायचं. दुधासारखं दिसलं की बदलायचं. सीझनमध्ये हे महिन्यातून एकदोनदा तरी होतं, आणि तेल न बदलणं हेच नवा पंप 'ओढत नाही' या तक्रारीमागचं नेहमीचं कारण असतं. मायक्रॉन गेज चार-पाच हजारांच्या घरात जातो. पहिल्या दिवशी तो नसला तर पंप निदान अर्धा तास चालवून मग थांबवून बघणं, एवढी शिस्त तरी पाळावी.

मशीनमधलाच थोडा गॅस सोडून हवा बाहेर ढकलायची जुनी सवय, ज्याला पर्जिंग म्हणतात, अजून बरेच उस्ताद शिकवतात. पाच मिनिटं वाचतात, पण ओल आतच राहते आणि भरून आलेला मोजका गॅस कमी होतो. आर-३२ चा एक किलो हवेत सोडणं हे तापमानवाढीच्या हिशेबानं ६७५ किलो कार्बन डायऑक्साइडइतकं आहे. शिवाय तो मंदपणे पेट घेणारा गॅस आहे. बंद खोलीत सोडायची वस्तूच नाही ती.

पेटीत नसलेलं, पण आधी लागणारं

उंचीवर काम करायचा हार्नेस कुठल्याच पेटीत नसतो. आयएस ३५२१ या भारतीय मानकाचा छाप असलेला, पूर्ण अंगाचा, दोन दोऱ्यांचा घ्यावा. दीड ते अडीच हजार लागतात. नुसता कमरेचा पट्टा नको, पडल्यावर त्यानं पाठीचा कणा मोडू शकतो. दोरी खिडकीच्या ग्रिलला बांधू नये, ग्रिल चार स्क्रूवर असते. घरातल्या कॉलमला किंवा काँक्रीटमध्ये ठोकलेल्या पक्क्या अँकरला बांधावी. छज्जा गंजलेला असेल, पाय ठेवायला जागा नसेल, तर काम नाकारावं. गरजू मुलाला नाही म्हणणं जड जातं आणि गिऱ्हाईकं त्याचाच फायदा घेतात. पण घरात कमावणारा एकच असेल तर ही वस्तू पंपाच्याही आधी यायला हवी.

त्यानंतर क्लॅम्प मीटर, म्हणजे तारेभोवती चिमटा लावून करंट मोजणारा मीटर. कपॅसिटरही मोजणारा, 'ट्रू आरएमएस' लिहिलेला, अडीच ते साडेतीन हजारांचा. साध्या मशीनमध्ये कंप्रेसर नुसता गुरगुरतो आणि उचलत नाही, तेव्हा बरेचदा रन कपॅसिटर (मोटरला उचलायला आणि चालायला मदत करणारा भाग) निकामी झालेला असतो. ५० मायक्रोफॅरडच्या कपॅसिटरवर पाच टक्के कमी-जास्त चालेल असं छापलेलं असेल तर ४७.५ च्या खाली तो बाद. बदलताना तेवढेच मायक्रोफॅरड आणि ४४० व्होल्ट किंवा त्याहून जास्त. मोजण्याआधी रेझिस्टरनं डिस्चार्ज करायचा, स्क्रू ड्रायव्हर आडवा लावून ठिणगी काढायची नाही. इन्व्हर्टरच्या आउटडोअर पीसीबीवर (सर्किट बोर्डावर) मेन बंद केल्यावरही ३०० व्होल्टच्या वर डीसी काही मिनिटं राहते. मीटरनं शून्य बघितल्याशिवाय बोट लावू नये.

सर्व्हिसला पाण्याची जोरदार धार मारणारा जेट पंप पाच-सहा हजारांचा, आणि पाणी झेलायला इनडोअरखाली बांधायची सर्व्हिस बॅग पाचशेच्या आसपास. एमसीबी बंद, पीसीबीवर प्लास्टिक, नोझल पसरट धारेवर आणि फिनला समोरून. तिरकी धार मारली की फिन झोपतात आणि मग फणी घेऊन तासभर बसावं लागतं. ड्रेन ट्रेमधला चिकट थर काढून, पाइपातून बादलीभर पाणी सोडून बघितल्याशिवाय उठू नये. सर्व्हिसनंतर दुसऱ्या दिवशी 'पाणी गळतं' असा फोन येतो तो याच पाइपामुळे.

लीक बघायला लागणारा नायट्रोजन सुरुवातीला विकत घेऊ नये, डिपॉझिट भरून सिलिंडर भाड्यानं आणावा. रेग्युलेटर मात्र स्वतःचा असावा, कारण भरलेल्या सिलिंडरमध्ये २,००० पीएसआयच्या आसपास दाब असतो. मशीनच्या पाटीवर लिहिलेल्या दाबाच्या वर कधीही जायचं नाही. नायट्रोजन नाही म्हणून ऑक्सिजन भरून लीक बघणारेही आहेत. तेल आणि दाबाखालचा ऑक्सिजन एकत्र आला की स्फोट होतो. हे कुणी उस्तादानं सांगितलं तरी करायचं नाही. पाइप तापवून जॉइंट मारताना (ब्रेझिंग) पाइपातून मंद नायट्रोजन चालू ठेवला की आत काळी पापडी धरत नाही.

आणखी एक धोका पंप डाउनचा. मशीन काढताना बारीक पाइपाचा लिक्विड व्हॉल्व्ह बंद करून गॅस आउटडोअरमध्ये ओढतात. सक्शन शून्याजवळ आलं की दुसरा व्हॉल्व्ह लगेच मिटून मशीन बंद करायचं. नट ढिला असताना किंवा पाइप तुटलेला असताना कंप्रेसर चालू राहिला तर तो हवा ओढतो. तेल, हवा आणि दाब मिळून कंप्रेसर फुटू शकतो.

हत्यारं न्यायची कशी

ठाणे–वाशी–पनवेल ट्रान्सहार्बर लोकलनं पेटी आणि पंप घेऊन जाणारी मुलं रोज दिसतात. पेटीला कुणी अडवत नाही. गॅसचा सिलिंडर मात्र लोकलमध्ये न्यायचा नाही, आर-३२ चाही नाही आणि ब्रेझिंगचाही नाही. रेल्वे कायदा १९८९ च्या कलम १६४ नुसार धोकादायक माल डब्यात आणण्यासाठी तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड आहे. गॅसच्या कामाला दुचाकी किंवा रिक्षा धरावी आणि तो खर्च बिलात आधीच सांगून लावावा. सिलिंडर उभा, बांधलेला आणि उन्हापासून झाकलेला असावा. म्हणूनच सुरुवातीची कामं घराच्या आसपास घेणं परवडतं. घणसोलीचा मुलगा ऐरोली ते कोपरखैरणे एवढ्याच पट्ट्यात राहिला तरी काम पुरतं. खाडीच्या खारट हवेनं आणि नाल्यांतून उठणाऱ्या वायूंनी तांब्याच्या कॉइलला बारीक भोकं पडतात, त्यामुळे या पट्ट्यात लीकची कामं कमी नसतात. अशा कॉइलमध्ये नुसता गॅस भरून पैसे घेऊ नयेत. साबणाच्या पाण्यानं लीक दाखवून, दुरुस्ती की नवी कॉइल हे गिऱ्हाईकाला ठरवू द्यावं.

पैसे कसे लावायचे

होळी आली की फोन वाजायला लागतात आणि जूनमध्ये पाऊस पडला की थंडावतात. म्हणून पहिला टप्पा फेब्रुवारीत पुरा व्हायला हवा: जेट पंप, बॅग, क्लॅम्प मीटर, हातातली हत्यारं आणि हार्नेस. सगळं मिळून बारा ते साडेचौदा हजार. एवढ्यावर जेट सर्व्हिस, कपॅसिटर, पाणी गळणं, पंख्याची मोटर ही कामं निघतात. सर्व्हिसला ठाणे-नवी मुंबईत साधारण पाचशे ते सातशे मिळतात. यात गॅसचा धोका नाही आणि माल जवळजवळ लागत नाही, म्हणजे आलेला पैसा हातात राहतो. तेवढ्यात एखादं गॅसचं काम आलंच तर ओळखीच्या मेकॅनिकला बोलावून वाटा ठरवून घ्यावा.

दुसरा टप्पा फ्लेअरिंग टूल, गेज, पंप, वजनकाटा आणि अडॅप्टर, साधारण चौदा ते सोळा हजार. हा पहिल्या टप्प्याच्या कमाईतूनच उभा करावा. एप्रिलमध्ये जमलं तर उत्तम, नाही तर पुढच्या सीझनला.

कर्जच काढायचं तर खाजगी फायनान्सच्या आठवड्याच्या हप्त्याऐवजी बँकेत सरकारी मुद्रा योजनेच्या 'शिशु' गटासाठी विचारावं. त्यात ५०,००० रुपयांपर्यंत कर्ज मिळतं आणि तारण लागत नाही. अर्जासोबत हत्यारांचं कोटेशन लागतं, ते दुकानदाराकडून छापील घ्यावं. उद्यम नोंदणी (लहान धंद्याची नोंदणी) सरकारी पोर्टलवर फुकट होते, त्यासाठी एजंटला पैसे देऊ नयेत. आयटीआयचा रेफ्रिजरेशन आणि एअर कंडिशनिंगचा दोन वर्षांचा ट्रेड केलेला असेल तर प्रमाणपत्र जोडावं. बँकेतही चालतं आणि सोसायटीच्या एएमसीसाठीही (वर्षभराच्या देखभालीचा करार).

काउंटरवर काय बघायचं

मुंबईला नागदेवी स्ट्रीटवर एक फेरी मारली तर हत्यारांत पर्याय जास्त दिसतात. ठाण्यातल्या किंवा वाशीतल्या दुकानात थोडं महाग पडलं तरी बिघडल्यावर परत नेणं सोपं असतं, म्हणून पंप जवळच्याच दुकानातून घ्यावा. घेण्याआधी तो चालवून दाखवायला सांगावं. दुकानात मायक्रॉन गेज असेल तर थेट पंपाच्या तोंडाला लावावा. दोन स्टेजचा चांगला पंप काही मिनिटांत १०० मायक्रॉनच्या खाली जातो. नसेल तर आवाज ऐकावा आणि तेल काचेच्या दोन रेघांमध्ये आहे का ते बघावं. गेजचे दोन्ही काटे मोकळ्या हवेत शून्यावर हवेत. एखादा काटा दोन-तीन पीएसआय इकडेतिकडे असेल तर काचेखालच्या स्क्रूनं तो शून्यावर येतो का ते दुकानातच करून बघावं. फ्लेअरिंग टूल घेताना दुकानदाराकडून अर्धा फूट ४ सुती पाइपचा तुकडा मागावा, तिथेच एक फ्लेअर काढावं आणि व्हर्नियर लावावा. जीएसटीचं पक्कं बिल आणि वॉरंटी कार्डावर शिक्का घ्यावा, आणि पंपाच्या तेलाची एक जादा बाटली त्याच बिलात लावून घ्यावी.